हप्ता तोच आहे, पण मुदत? – एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार सर,

गृहकर्जावरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही सविस्तर आणि परखड लिहिलंत, त्याबद्दल मनापासून आभार. तुम्ही काढलेले मुद्दे घर घेणाऱ्या बहुतेक प्रत्येक कुटुंबात बोलले जातात. म्हणून दोन ओळींत उरकण्याऐवजी सावकाश उत्तर देते.

ज्यांनी लेख वाचला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. मी ५० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के व्याज आणि वीस वर्षं मुदत असं उदाहरण घेतलं होतं. महिन्याचा हप्ता येतो ४३,३९१ रुपये, २४० हप्त्यांची बेरीज होते सुमारे एक कोटी चार लाख, आणि त्यातले ५४ लाख हे नुसतं व्याज. त्यावर तुमचं म्हणणं असं की, ही बेरीज दाखवून मी तरुण जोडप्यांना घाबरवते आहे. महागाईमुळे वीस वर्षांनंतरच्या हप्त्याला काही किंमत उरत नाही. तुम्ही तीस वर्षं बँकेत काढलीत, १९९६ साली स्टाफ लोन काढून चार लाखांत घर घेतलंत, आज ते ऐंशी लाखांचं आहे. आणि तुमच्या मुलाने सप्टेंबर २०२१ मध्ये ६.७० टक्क्यांनी कर्ज घेतलं. मध्ये दर एवढे वाढले तरी 'त्याचा हप्ता आजही तोच आहे, उगाच बाऊ कशाला?' असं तुम्ही शेवटी विचारलंत.

महागाईचा मुद्दा अगदी बरोबर आहे, आणि तो आकड्यांत मांडायलाच हवा. महागाई वर्षाला सहा टक्के धरली, तर वरच्या उदाहरणातला शेवटचा हप्ता आजच्या पैशांत जेमतेम तेरा हजारांचा होतो. सगळे २४० हप्ते आजच्या किमतीला आणून बेरीज केली तर ती साधारण साडेसाठ लाख भरते. म्हणजे ५० लाखांच्या कर्जाचा खरा भार दहा-साडेदहा लाख. महागाई चार टक्के धरली, जे रिझर्व्ह बँकेचं उद्दिष्ट आहे, तर तीच बेरीज साडेएकाहत्तर लाखांवर जाते. कर्ज फुकट पडत नाही, पण एक कोटी चार लाखांचा आकडा वाटतो तेवढा भयंकरही नाही. इथवर आपलं एकमत आहे.

पण महागाई कर्जदाराच्या बाजूने काम करते ती एकाच अटीवर. त्याचा पगार महागाईबरोबर वाढला पाहिजे. तुमच्या नोकरीत दर तीन महिन्यांनी महागाई भत्ता सुधारत होता, दर पाच वर्षांनी वेतनकरार होत होता. हप्ता जागच्या जागी आणि पगार वर वर, असं ते चालू राहिलं. खासगी कंपनीत, कंत्राटी नोकरीत किंवा स्वतःचं दुकान चालवणाऱ्याच्या घरात हे गृहीत धरता येत नाही. तिथे भाजीपाला, शाळेची फी आणि औषधं महागतात आणि पगार दोन-दोन वर्षं हलत नाही. अशा घरात महागाई हप्ता हलका करत नाही. हप्त्याच्या आधी जे खर्च करावेच लागतात तेच ती फुगवते.

स्टाफ लोनबद्दल तर तुम्हीच इथल्या वाचकांना माझ्यापेक्षा चांगलं सांगू शकाल. बँक कर्मचाऱ्यांच्या गृहकर्जाला सवलतीचा दर असतो, व्याज सहसा सरळ पद्धतीने लागतं, चक्रवाढ नाही, आणि वसुलीत आधी मुद्दल फिटतं, व्याज नंतर वसूल होतं. काउंटरच्या पलीकडे उभ्या असलेल्या ग्राहकाचं नेमकं उलटं असतं. माझ्या उदाहरणातल्या पहिल्या हप्त्यात, ४३,३९१ रुपयांपैकी ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल कमी होतं ते अवघ्या ७,९७४ रुपयांनी. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरल्यावर त्याने बँकेला २६ लाख दिलेले असतात आणि कर्ज उरलेलं असतं ४४ लाख. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, ३५ लाख बाकी असतात. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा जास्त व्हायला जवळपास बारा वर्षं लागतात. तुमच्या १९९६ च्या अनुभवावरून आजच्या ग्राहकाला 'काही होत नाही' असं सांगता येत नाही, ते यामुळे.

आता मुलाच्या हप्त्याकडे येते. तुमच्या संपूर्ण प्रतिक्रियेत मला सगळ्यात जास्त काळजी वाटली ती याच वाक्याची.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो, ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५० झाला. अवघ्या नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. ऑक्टोबर २०१९ नंतर बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवी गृहकर्जं बाहेरच्या मानकाला, बहुतेक ठिकाणी रेपोलाच, जोडलेली आहेत. म्हणजे मुलाचा दर ६.७० वरून ९.२० च्या आसपास गेला असणार. व्याज वाढलं आणि हप्ता वाढला नाही, तर वाढलेलं व्याज गेलं कुठे? ते मुदतीत गेलं.

कर्जाची रक्कम तुम्ही लिहिली नाहीत, म्हणून ५० लाखच धरते. ६.७० टक्के, वीस वर्षं, हप्ता ३७,८७०. दीड वर्षाने, मार्च २०२३ मध्ये, कर्ज उरलं ४८ लाख १२ हजार आणि हप्ते उरले २२२. दर प्रत्यक्षात टप्प्याटप्प्याने चढला, मी हिशेबाच्या सोयीसाठी तो मार्चपासून एकदम ९.२० झाला असं धरते आहे. त्या महिन्याचं व्याज होतं सुमारे ३६,८९०. हप्ता ३७,८७०. मुद्दलात पडले हजाराच्याही आत रुपये. या गतीने ते कर्ज फिटायला २२२ नव्हे, ४७९ हप्ते लागतात. उरलेली साडेअठरा वर्षं चाळीस वर्षांची झाली. कर्ज घेतलं तेव्हा मुलगा चौतिशीचा होता असं तुम्ही लिहिलंय. निवृत्तीनंतर तो हे हप्ते कशातून भरणार होता?

व्यवहारात बँका चाळीस वर्षं सहसा देत नाहीत. कर्जदाराच्या वयाची मर्यादा येईपर्यंत मुदत ताणतात आणि मग हप्ता थोडा वाढवतात. पण २०२२-२३ मध्ये असंख्य लोकांची मुदत वाढली ती एका एसएमएसवर, आणि तो एसएमएस ओटीपी नि ऑफर्सच्या गर्दीत हरवला. खात्यातून नेहमीचीच रक्कम वळती होत राहिली, म्हणून कुणाला शंका आली नाही. मुदत मूळचीच ठेवायची असती तर याच उदाहरणात हप्ता ३७,८७० वरून ४५,१८५ करावा लागला असता. महिन्याला सव्वासात हजार जास्त. ते झेपलं असतं की नाही, हा निर्णय कुटुंबाने घ्यायचा होता. तो त्यांना न विचारता झाला, माझा आक्षेप तेवढ्यावर आहे.

रिझर्व्ह बँकेलाही हे खटकलं. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात तिने स्पष्ट सांगितलं की, दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. स्थिर दराकडे जायची मुभा द्यायची (ऑक्टोबर २०२५ पासून ही मुभा देणं बँकेच्या मर्जीवर आहे) आणि मुदत अशी ताणायची नाही की हप्त्यातून व्याजही भागू नये. दर तिमाहीला जे विवरण मिळायला हवं त्यात आतापर्यंत भरलेलं मुद्दल आणि व्याज, चालू हप्ता आणि उरलेले हप्ते दिसायला हवेत. नियम चांगला आहे. पण कर्जदार मागत नाही तोवर बऱ्याच शाखांत तो कागदावरच राहतो, आणि मागायचं असतं हेच लोकांना ठाऊक नसतं.

तुम्ही म्हणाल, आता दर उतरले ना. उतरले. फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.५० वर आला, डिसेंबरमध्ये ५.२५ झाला. पण वरच्या उदाहरणात हप्ता कधीच वाढवला नसेल, तर जुलै २०२५ मध्ये ८.२० टक्के दराने अजून सुमारे २९० हप्ते शिल्लक दिसतात. मूळ कराराप्रमाणे तेव्हा १९४ उरायला हवे होते. दर एक टक्क्याने खाली येऊनही शंभराच्या आसपास हप्ते, म्हणजे आठ वर्षं, जास्तीची. गृहकर्जाची खरी किंमत मला या वर्षांत दिसते. एक कोटी चार लाख या आकड्यावर वाद घालता येईल, महागाईने तो लहानही करता येईल. पण चौपन्नाव्या वर्षी मोकळा होणारा माणूस बासष्टाव्या वर्षापर्यंत बांधला गेला, तर तो भार आजच्या पैशांत मांडता येत नाही.

घराच्या किमतीबद्दल. चार लाखांचे ऐंशी लाख म्हणजे वर्षाला साडेदहा-अकरा टक्के वाढ. ती झाली, याचा आनंदच आहे. मात्र पुण्याच्या अनेक उपनगरांत २०१३-१४ नंतर सहा-सात वर्षं भाव जवळपास हलले नाहीत, आणि त्या काळात घर घेतलेल्यांचे हप्ते चालूच होते. शिवाय घराला फक्त किंमत नसते, खर्चही असतो. पुण्यात बांधकाम चालू असलेला साडेबासष्ट लाखांचा फ्लॅट घ्या. बँक ८० टक्के, म्हणजे ५० लाख देते. उरलेले साडेबारा लाख आपले. त्यावर सात टक्के मुद्रांक शुल्क, तीस हजार नोंदणी, पाच टक्के जीएसटी, असे आणखी पावणेआठ लाख, आणि हे कर्जात बसत नाहीत. इमारत उभी राहीपर्यंत नुसतं व्याज भरायचं म्हटलं, तर त्यातून मुद्दल एक रुपयाने कमी होत नाही, वर राहत्या घराचं भाडं वेगळं.

आणखी एक गोष्ट, जी तुम्ही शाखेत रोज पाहिली असेल. कर्ज मंजूर होताना 'लोन प्रोटेक्शन'चा एकरकमी विमा गळ्यात मारला जातो आणि त्याचा हप्ता कर्जातच मिसळला जातो. अडीच लाखांचा प्रीमियम असा कर्जात गेला तर वीस वर्षांत त्याचे पाच लाख वीस हजार भरले जातात. विमा जरूर घ्यावा, कर्जदार गेला तर घर जाऊ नये. पण तेवढ्याच रकमेचा साधा टर्म प्लॅन, म्हणजे फक्त मृत्यूनंतर पैसे देणारा विमा, स्वतंत्र घेऊन वर्षाच्या वर्षाला पैसे भरता येतात. बँकेतूनच विमा घेतला पाहिजे अशी सक्ती नसते.

यातून मी घर घेण्याच्या विरोधात आहे असा अर्थ कुणी काढू नये. भाड्याच्या घरात दर अकरा महिन्यांनी सामान बांधण्याची टांगती तलवार मी जवळून पाहिली आहे. मुलांची शाळा बदलते, म्हाताऱ्या आई-वडिलांची शेजारपाजारची सवय तुटते. स्वतःच्या छपराला मोल आहे आणि त्यासाठी जास्त पैसे मोजणं हा शहाणपणाचा निर्णय असू शकतो. फक्त मोजतोय किती वर्षं, हे माहीत असावं.

आणि माहीत असलं की करण्यासारखंही खूप असतं. माझ्या पहिल्या उदाहरणात एका वर्षानंतर एक लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे साधारण अकरा हप्ते गळून पडतात. भरलेले एक लाख वजा केले तरी पावणेचार लाखांच्या वर व्याज वाचतं. तेच एक लाख पंधराव्या वर्षी भरले तर सुटतात जेमतेम साडेतीन हप्ते. बोनस, दिवाळीची रक्कम, विकलेल्या जुन्या गाडीचे पैसे, जे काही आहे ते पहिल्या पाच-सात वर्षांत कर्जात टाकण्यासारखं दुसरं काही नाही. अर्थात सहा महिन्यांचा खर्च हाताशी ठेवून. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर बँकांना मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही, २०१२ पासून तसा नियमच आहे. जादा रक्कम भरताना अर्जात 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी' असं स्पष्ट लिहावं. नाहीतर काही ठिकाणी हप्ता कमी करून देतात आणि वर्षं तेवढीच राहतात.

तेव्हा सर, एक विनंती. मुलाला बँकेच्या ॲपवरून कर्जाचं ताजं विवरण काढायला सांगा. हप्त्याचा आकडा सोडून द्या, उरलेल्या हप्त्यांचा बघा. वीस वर्षांचं कर्ज असेल, तर २४० मधून सप्टेंबर २०२१ पासून झालेले महिने वजा करा. विवरणातला आकडा तेवढा किंवा त्याहून कमी असेल तर त्याने जादा भरणा केलेला असणार, मग मला काही म्हणायचं नाही. जास्त असेल, तर २०२३ च्या परिपत्रकाचा उल्लेख करून मूळ मुदत परत लावण्याचा अर्ज शाखेत द्यायचा आणि पोच घ्यायची. दर अजून रेपोला जोडलेला आहे ना आणि त्यावरचं मार्जिन, म्हणजे रेपोवर बँक लावते ते जादा टक्के, नव्या ग्राहकांपेक्षा जास्त नाही ना, हेही त्याच भेटीत विचारायचं. कर्ज गृहवित्त कंपनीचं असेल तर २०१९ चा रेपोचा नियम तिला लागू नाही, तिथे दर कमी करून घेण्यासाठी वेगळी कन्व्हर्जन फी भरावी लागू शकते. अर्जाचा मसुदा हवा असेल तर इथेच खाली सांगा, मी टाकते. तुमची तीस वर्षं शाखेत गेली आहेत. मसुद्यात काय सुधारायला हवं ते तुम्ही सुचवलंत, तर इतर वाचकांनाही तो वापरता येईल.