बारा लाख व्याज

"व्याजच केवढं मिळालं हो तुमच्या वहिनीला!" परवा एका लग्नाच्या पंगतीत हे ऐकलं आणि पुढचा घास उतरेना. बोलणाऱ्याच्या मनात काही वाईट नव्हतं. पण या 'व्याजा'विषयी एकदा लिहायलाच हवं.

माझा चुलतभाऊ २०१६ मध्ये ट्रकच्या धडकेत गेला. वय ३४, स्वतःचा टेम्पो चालवायचा. मागे वहिनी, दोन मुलं आणि काकू. २०१७ च्या सुरुवातीला मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात दावा लागला. टेम्पोवाल्याच्या कमाईचे कागद कुठून आणणार? महिन्याला १०,००० धरले गेले. चाळिशीच्या आतला, स्वतःचा धंदा असलेला, म्हणून पुढच्या वाढीचे ४० टक्के मिळवले, झाले १४,०००. अवलंबून चौघं, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा पाव हिस्सा वजा, राहिले १०,५००. वर्षाचे १,२६,०००, त्याला ३४ वयाचा गुणक, म्हणजे किती वर्षांची कमाई धरायची तो आकडा, १६. एकूण २०,१६,०००. सरला वर्मा (२००९) आणि प्रणय सेठी (२०१७) या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांनी ठरवून दिलेला हा हिशेब आहे. इतर किरकोळ रकमा सोडून देतो.

पैसे मिळाले २०२५ मध्ये. दर साडेसात टक्के, सरळव्याज. वीस लाखांवर आठ वर्षांचे बारा लाख. हेच ते 'केवढं'.

आता हेच वीस लाख त्याच दराने, वर्षाला चक्रवाढ धरून, बँकेत ठेवले असते तर व्याज झालं असतं सुमारे १५ लाख ६७ हजार. म्हणजे साध्या मुदत ठेवीच्या हिशेबानेही साडेतीन लाखांहून जास्त रक्कम देणाऱ्याकडेच राहिली. मग लवकर पैसे देण्याची घाई ट्रकच्या विमा कंपनीला का असावी? तारीख पुढे गेली तर तिचं नुकसान काय? मला यातला कुणी वकील किंवा अधिकारी दुष्ट वाटत नाही. हिशेबच असा मांडलाय की उशीर परवडतो.

वहिनीला मात्र तो परवडत नव्हता. काकूंच्या आजारपणात तिने सावकाराकडून दोन लाख उचलले होते, महिना शेकडा तीनने. म्हणजे वर्षाला ७२,००० नुसतं व्याज. तिला येणं साडेसातने, देणं छत्तीसने.

२०१९ मध्ये लोकअदालतीत बोलावलं. मी सोबत होतो. टेबलापलीकडून देकार आला, "चौदा लाख, व्याज सोडा, आजच सही करा." आमचे वकीलही म्हणाले, घेऊन टाका. (तोवर दोन-तीन तारखा त्यांनीही घालवल्या होत्या, तेही सांगायला हवं.) वहिनी म्हणाली, "भावजी, व्याज सोडायचं म्हणजे ही दोन वर्षं आम्ही जगलोच नाही, असं ना?" तिने सही केली नाही. तेव्हा मला तिचा राग आला होता. सावकार दारात असताना चौदा लाख नाकारायचे? तिचं बरोबर होतं की माझं, हे मला आजही सांगता येत नाही.

निकाल २०२१ मध्ये लागला. निकालानंतर ३० दिवसांत रक्कम भरावी, असं कायदा सांगतो. कंपनी उच्च न्यायालयात अपिलात गेली. अपील दाखल करून घ्यायला २५,००० किंवा निम्मी रक्कम, यातलं जे कमी असेल ते भरावं लागतं. वीस लाखांच्या दाव्यात अर्थातच २५,०००. पुढे अपील फेटाळलं, पण त्यात चार वर्षं गेली.

मोटार वाहन कायद्याचं कलम १७१ दोन गोष्टी पक्क्या करतं: व्याज सरळच असेल, आणि दावा दाखल झाल्याच्या तारखेच्या आधीपासून धरता येणार नाही. दर न्यायाधिकरणाच्या मर्जीवर. म्हणजे तेराव्याला भानावर नसलेलं घर वकिलापर्यंत पोचेपर्यंतचे महिने फुकट. हे माझ्या मते उलटं आहे. माणूस ज्या दिवशी गेला त्या दिवसापासून व्याज मोजा. आणि निकालानंतर ३० दिवस उलटले की दर चढता ठेवा, इतका की अपील करण्याआधी कंपनीला दोनदा विचार करावा लागेल. यावर प्रीमियम वाढेल असं म्हणतात. वाढू दे थोडा. आज तो फरक विधवा भरतेय.

कुणाच्या घरी असं घडलं असेल तर दाव्याला उशीर करू नका. व्याज तिथून सुरू होतं हे एक, आणि एप्रिल २०२२ पासून दाव्याला अपघातापासून सहा महिन्यांची मुदतही आहे.

दावा लावला तेव्हा पुतण्या बारा वर्षांचा होता. कागदावर अर्जदार क्रमांक ३, अज्ञान (म्हणजे अल्पवयीन), पालनकर्ती आई. अज्ञान मुलाचा वाटा सज्ञान होईपर्यंत बँकेत मुदत ठेवीत राहतो. रक्कम काढायची वेळ आली तेव्हा आधी तो सज्ञान झाल्याचा अर्ज द्यावा लागला. वीस वर्षांचा पोरगा, गॅरेजमधून अर्ध्या दिवसाची रजा टाकून आला होता, सही करायला.