तो एकटा विणत नव्हता

काळ विणणाऱ्या उस्ताद विणकराची तुमची कथा आवडली, पण ‘तो आयुष्यभर एकट्यानेच विणत राहिला’ हे वाक्य फार खटकलं. माझं माहेर येवल्याचं, घरात पैठणीचा हातमाग. वडील मागावर बसायचे तेव्हा आई शेजारी रेशीम उकलून कांड्या, म्हणजे बाण्याचा धागा गुंडाळायच्या छोट्या नळ्या, भरत असायची. पदरातल्या बांगडी-मोराच्या नक्षीला प्रत्येक रंगाच्या धाग्याची वेगळी तिल्ली (छोटी कांडी), ताण्याचे म्हणजे उभे धागे मोजून मोजून उचलायचे. दिवस मावळेपर्यंत पदर जेमतेम दोन-चार बोटं पुढे सरकलेला असायचा. भरलेल्या पदराच्या पैठणीला महिनोन्महिने जात.

गिऱ्हाईक कौतुक करायचं ते वडिलांच्या हाताचं. आईच्या बोटांना धाग्याने पडलेल्या चिरा कुणी पाहिल्याच नाहीत. तुमच्या उस्तादाच्या कांड्या कोण भरत होतं, ते कथेत यायलाच हवं होतं.