गौरी जेवल्या, त्याच्या दुसऱ्या दिवशी

बाळंतपणाच्या ओपीडीत सगळ्यात अवघड तपासणी कुठली, तर शेवटच्या पाळीची तारीख काढून घेणं. रक्त एका सुईत निघतं. तारीख निघायला सासू, सून आणि नवरा असे तिघं कामाला लागतात आणि तरी उत्तर येतं, "महिन्याच्या सुरुवातीलाच कधीतरी."

नवऱ्याच्या मोबाइलमध्ये घराच्या हप्त्याची, विम्याची, गाडीच्या सर्व्हिसिंगची तारीख असते, ही नसते. सून म्हणते, "पगार व्हायच्या आधी होती, नाही... झाल्यावर." मग सासूबाई खुर्चीतून पुढे सरकतात. "गौरी जेवल्या ना, त्याच्या दुसऱ्या दिवशी. विसर्जनाचं सगळं मला एकटीला करावं लागलं." हे ऐकलं की मी पेनचं टोपण काढते. घरातल्या कामाचा भार कुणावर पडला याची नोंद सहसा चुकत नाही. २०२५ साली गौरीपूजन १ सप्टेंबरला होतं, म्हणजे पाळी २ सप्टेंबरची. 

तरीही 'पहिलाच दिवस ना?' असं पुन्हा विचारावं लागतं. काही जणी पाळी संपली तो दिवस सांगतात, काही जणी डोक्यावरून न्हायल्या तो. म्हणजे गणित सुरू व्हायच्या आधीच चार-पाच दिवस गळाले.

आता बाळंतपणाच्या तारखेचं गणित. जर्मनीत हायडलबर्गला फ्रान्झ कार्ल नेगेले (१७७८-१८५१) नावाचे प्रसूतितज्ज्ञ होते. त्यांच्या नावाचा नियम आजही जगभर चालतो: पाळीच्या पहिल्या दिवसातून तीन महिने वजा करा, सात दिवस मिळवा, वर्ष पुढचं लिहा. २ सप्टेंबरातून तीन महिने गेले, २ जून. सात मिळवले, ९ जून. आली तारीख, ९ जून २०२६. मोजून बघितलं तर बरोबर २८० दिवस भरतात, म्हणजे अठ्ठावीस-अठ्ठावीस दिवसांच्या दहा पाळ्या.

गंमत अशी की नियम महिन्यांत बोलतो आणि महिने काही सारखे नसतात. पाळी १० मे २०२५ ची असेल तर नेगेलेसाहेब १७ फेब्रुवारी सांगतात. ते होतात २८३ दिवस. मोबाइलवरचं अ‍ॅप मात्र इमानदारीत २८० मोजतं आणि १४ फेब्रुवारी म्हणतं. १४ तारीख दिसली की नवऱ्याचा चेहरा खुलतो आणि मी १७ लिहिली की माझ्याच शिक्षणाबद्दल शंका येते. पाळी ३० मेची असेल तर तीन महिने मागे जाऊन आपण ३० फेब्रुवारीला पोचतो. तिथून पुढे ज्याची त्याने वाट काढायची.

याखेरीज टेबलावर औषध कंपनीने दिलेली पुठ्ठ्याची चकती असते. आतली चकती फिरवून बाण पाळीच्या तारखेवर आणायचा की दुसऱ्या टोकाला प्रसूतीची तारीख. हा बाण छापतानाच दोन दिवस रुंद छापलेला असतो. मधला रिवेट सैल झाला की चकती आपल्याआपण आणखी एखादा दिवस सरकते. दोन कंपन्यांच्या चकत्या शेजारी ठेवल्या तर एकमत होईलच असं नाही. माझं सांगणं सरळ आहे: दिवस मोजा, २८०. कॅलेंडर हाताशी असताना चकती कशाला?

सासूबाईंचं गणित यापेक्षा जुनं आहे. नऊ महिने नऊ दिवस. हसू नका, हे बरंच जवळ जातं. इंग्रजी महिने धरले तर नेगेलेपेक्षा दोनच दिवस जास्त. तिथीचे महिने धरले तर एक महिना साडेएकोणतीस दिवसांचा, म्हणजे नऊ महिन्यांचे २६६ दिवस होतात. गर्भ राहिल्यापासून बाळंतपणापर्यंत आम्हीही २६६ च धरतो. घोळ होतो तो कुठून मोजायचं यात आणि त्याहून मोठा घोळ अधिक महिन्यात. २०२६ साली ज्येष्ठ अधिक आहे, १७ मे ते १५ जून. भाद्रपदातल्या गौरीपासून तिथीने नऊ महिने मोजत आलं की गाडी अधिक ज्येष्ठात येते. सासूबाई म्हणतात, अधिक महिना मोजायचा नसतो. मोजला नाही तर तारीख थेट जुलैत जाते! पोटातलं बाळ अधिक महिन्यातही वाढतं हे पटवून द्यायला फार वेळ लागत नाही. तेवढ्यात जावयाला अधिकाचं वाण कधी द्यायचं हा विषय निघतो आणि तारीख बाजूला राहते.

खरी मेख २८ या आकड्यात आहे. अंडं पाळीनंतर चौदाव्या दिवशी सुटतं असं सगळे पाठ म्हणतात. प्रत्यक्षात ते पुढची पाळी येण्याच्या साधारण चौदा दिवस आधी सुटतं. मागचा पंधरवडा बराचसा ठरलेला, पुढचा भाग रबरासारखा ताणणारा. म्हणून जिची पाळी दर ३५ दिवसांनी येते, तिचं अंडं एकविसाव्या दिवसाच्या आसपास सुटतं आणि ९ जूनची तारीख १६ जून होते. दर २४ दिवसांनी येत असेल तर ५ जून. पीसीओडी (अंडं वेळेवर न सुटण्याचा त्रास) असलेल्या मुलीची पाळी कधी ४० दिवसांनी, कधी ७० दिवसांनी. तिच्याबाबतीत हे गणित करू नये, वेळ वाया जातो.

तारखेवर पाणी फिरवणाऱ्या गोष्टी ठरलेल्या आहेत. पहिला मान गणपतीतल्या गोळीचा. पूजेत अडचण नको म्हणून पाळी पुढे ढकलायची गोळी घेतात. ती थांबवली की दोन-तीन दिवसांत रक्तस्राव होतो. हा स्राव गोळी बंद केल्याचा. त्याच्यापुढे अंडं कधी सुटेल याची हमी नाही, त्यामुळे त्यावरून काढलेली तारीख कच्ची समजायची. गोळी घेतली होती हे सून आपणहून सांगत नाही, कारण सासूबाई शेजारी बसलेल्या असतात. दुसरं, गर्भनिरोधक गोळ्या नुकत्याच सोडलेल्या असणं. तिसरं, अंगावर पाजताना पाळी आलेलीच नसते आणि तरी दिवस जातात. तिथे शेवटची पाळी म्हणजे पहिल्या मुलाच्या आधीची, आता मोजा! चौथं सगळ्यात फसवं. दिवस गेल्यावरही कुणाकुणाला पाळीच्याच सुमारास थोडं डाग जाण्यापुरतं दिसतं. तीच पाळी धरली की तारीख सुमारे महिनाभर पुढे जाते. म्हणून विचारायचं: नेहमीसारखी होती का? नेहमीइतके दिवस? नेहमीइतकं अंगावरून गेलं? एकाही प्रश्नाला 'नाही' आलं तर त्याच्या आधीची पाळी शोधायची.

नवी जोडपी आली की आणखी एक नाजूक प्रसंग. पाळी २ मेची, लग्न १२ मेचं, सोनोग्राफी २७ जूनची. रिपोर्टवर लिहिलेलं असतं आठ आठवडे. लग्नाला झालेले असतात साडेसहा. खोलीत एकदम शांतता पसरते आणि कुणीतरी बोटं मोजायला लागतं. अशा वेळी मी घाईने सांगून टाकते की आम्ही मोजायला सुरुवात पाळीपासून करतो, गर्भ राहण्याच्या दोन आठवडे आधीपासून. त्या हिशेबात पहिल्या दोन आठवड्यांत पोटात कुणीही नसतं. ही पद्धत विचित्र आहे, कबूल. पण पाळीची तारीख निदान कुणाला तरी आठवते. टेस्ट ट्यूब बेबीवाल्यांचं बरं असतं. त्यांना सगळं तारीखवार माहीत: पाच दिवसांचा गर्भ आत सोडला त्या दिवसात २६१ मिळवायचे, तीन दिवसांचा असेल तर २६३. वाद नाही, गौरी नाहीत.

बाकीच्यांसाठी उपाय एकच, पहिल्या तीन महिन्यांतली सोनोग्राफी. या काळात सगळी बाळं जवळपास एकाच वेगाने वाढतात. बापाची उंची, आईचं खाणं, खानदान, कशाचा म्हणावा तसा फरक पडत नाही. डोक्याच्या टोकापासून ढुंगणापर्यंत लांबी मोजायची, पाय सोडून. तिला सीआरएल म्हणतात. सुरुवातीच्या दिवसांत बाळ रोज साधारण एक मिलिमीटर वाढतं, त्यामुळे २५ मिलिमीटरपर्यंत एक सोपा हिशेब चालतो: जितके मिलिमीटर, त्यात ४२ मिळवा, तितके दिवस. २० मिलिमीटर म्हणजे ६२ दिवस, आठ आठवडे सहा दिवस. त्यापुढे मशीनमधल्या तक्त्यावर भरवसा ठेवावा. ८४ मिलिमीटरच्या वर गेलं की सीआरएल सोडून डोक्याचा घेर बघायचा.

मोजणाराही शांत डोक्याचा हवा. बाळ हनुवटी छातीला टेकवून गोळा होऊन बसलं असेल तर माप कमी येतं, मान मागे टाकून ताणलं असेल तर जास्त. सरळ, आडवं, हनुवटीखाली थोडी मोकळी जागा, असं दिसेपर्यंत थांबायचं. बाहेर तीस जणी बसलेल्या असताना थांबणं किती जमतं ते सोनोग्राफीवाल्यांनाच विचारा. पेशंटला उठवून दोन पावलं चालवतात, खोकायला लावतात आणि बाळ वळलं की पटकन चित्र थांबवतात. तरीसुद्धा या मापात पाच ते सात दिवसांचा फरक राहतो. फार लवकर केलेल्या सोनोग्राफीत बाळ दिसत नाही म्हणून घरात रडारड होते, तीही बऱ्याचदा अंडं उशिरा सुटल्यामुळे. दहा-बारा दिवसांनी पुन्हा बघितलं की ठोके दिसतात.

मग पाळीची तारीख खरी की सोनोग्राफीची? अमेरिकेतल्या प्रसूतितज्ज्ञांच्या संघटनेने २०१७ साली याचे नियम दिले आहेत. ८ आठवडे ६ दिवसांपर्यंतच्या सोनोग्राफीत पाच दिवसांपेक्षा जास्त फरक आला तर तारीख बदला. ९ ते १३ आठवडे ६ दिवसांपर्यंत सातपेक्षा जास्त आला तर बदला. नाहीतर पाळीची तारीख कायम. आपल्या सुनेला २५ नोव्हेंबरला १२ आठवडे पूर्ण होतात. त्या दिवशी मशीनने ११ आठवडे २ दिवस दाखवले तर फरक पाच दिवसांचा, ९ जून तशीच. १० आठवडे ४ दिवस दाखवले तर फरक दहाचा, तारीख १९ जून. बदलायची ती एकदाच, फाईलच्या पहिल्या पानावर, लाल पेनने, खाली सही करून.

आणि त्यानंतर फाईलला कुलूप. कारण पुढची प्रत्येक सोनोग्राफी आपली स्वतःची तारीख छापून देते. मशीनला कुणी विचारलेलं नसतं. ते डोकं, पोट आणि मांडीचं हाड मोजतं, सरासरी काढतं आणि एवढ्या आकाराचं बाळ सहसा किती आठवड्यांचं असतं ते सांगतं. ३२ व्या आठवड्यात, १४ एप्रिलला, कागदावर येतं: ३० आठवडे, तारीख २३ जून. घरात आनंद. दोन आठवडे मिळाले! मिळाले काहीच नाही. बाळाचं वय तेवढंच आहे, आकार मागे पडलाय, आणि आता बाळाला पोसणारी वार नीट काम करतेय का, रक्तपुरवठा कसा आहे, हे बघायची वेळ आली आहे. त्या कागदावर विसंबून तारीख पुढे ढकलली तर नेमकं ज्या बाळाकडे लक्ष द्यायचं तेच नजरेतून सुटतं. सातव्या महिन्यानंतरच्या मापात तीन आठवड्यांपर्यंत इकडेतिकडे होऊ शकतं. तेव्हा चार रिपोर्ट आणि चार तारखा घेऊन 'यातली खरी कुठली?' असं विचारायला येणाऱ्यांना मी एकच सांगते: सगळ्यात आधीची. लोकांना वाटतं नवीन म्हणजे अचूक.

उलट्या दिशेची चूकही महाग पडते. सिझेरियन ठरलेलं असलं की ज्योतिषाने दिलेली वेळ चिठ्ठीवर येते. मुहूर्त चांगला असेलही. पण काही अडचण नसेल तर ३९ आठवड्यांच्या आत हात घालायचा नसतो, बाळाला श्वासाचा त्रास होण्याची शक्यता वाढते. तारीख दोन आठवड्यांनी चुकलेली असेल तर आपण ३९ समजून ३७ व्या आठवड्यात बाळ बाहेर काढू.

एवढं सगळं करून हाती लागलेली ९ जून कितपत खरी? लग्नपत्रिकेवर १२ वाजून ३२ मिनिटांचा मुहूर्त छापतात, तितपत. नेमक्या दिलेल्या तारखेला शंभरातली चार-पाचच बाळं येतात. २०१३ साली अमेरिकेतला एक अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात बायकांची रोजची लघवी तपासून अंडं सुटल्याचा दिवस माहीत करून घेतला होता. दिवस भरण्याआधी झालेली बाळं वगळली, तरी कुणाचं बाळ लवकर, कुणाचं उशिरा, आणि दोन टोकांत ३७ दिवसांचं अंतर निघालं. मोजणाऱ्याची चूक नाही, बाळंच एकसारखी शिजत नाहीत. त्यामुळे मी फाईलवर ९ जून लिहिते आणि तोंडाने पल्ला सांगते: १९ मेला ३७ आठवडे भरतात, २३ जूनला ४२. या दरम्यान कधीही.

पल्ला मात्र कुणाला नको असतो. ऑफिसच्या अर्जात एकाच तारखेची चौकट असते. कायद्याने २६ आठवड्यांची रजा मिळते आणि त्यातली फार तर आठ आठवडे आधी घेता येते, म्हणजे १४ एप्रिलपासून. नातेवाईकांनाही एकच तारीख हवी. तीही एकदा सांगितली की संपलं, १० जूनला सकाळी आठ वाजता पहिला फोन येतो, "अजून नाही?" १२ तारखेपासून हळद घातलेलं दूध, एरंडेल, जिने चढणं असे सल्ले सुरू होतात. एरंडेलाने पोट बिघडतं, ते घेऊ नका. ९ जून उलटली तर करायचं ते एवढंच: बाळ रोजच्यासारखं फिरतंय का ते बघायचं, कमी वाटलं तर रात्री दोनलाही निघायचं, बोलावलेल्या दिवशी बाळाच्या ठोक्यांचा पट्टा आणि बाळाभोवतीच्या पाण्याचं माप करून घ्यायचं, आणि १६ जूनला ४१ आठवडे भरले की कळा आणायच्या का ते डॉक्टरांशी बसून ठरवायचं. मावशीला फोनवर पहिल्यापासूनच 'जूनचा मध्य' सांगावं, निदान आठवडाभर फोन वाचतात.

उरला प्रश्न माहेरच्या आईचा. हल्ली मुलगी माहेरी जाण्याऐवजी आईच नागपूरहून पुण्याला येते आणि रेल्वेचं आरक्षण साठ दिवस आधी उघडतं, म्हणून मार्चमध्येच फोन येतो: "मॅडम, कुठल्या तारखेचं काढू?" जाण्याचं १९ मेच्या आतलं काढा. परतीचं काढूच नका.