लाँचरवरचा आकडा म्हणजे गेमचं व्हर्जन नव्हे

मायनक्राफ्ट खेळणाऱ्या पोरांमध्ये, आणि त्यांना गेम इन्स्टॉल करून देणाऱ्या आईबाबांमध्ये, एक सल्ला बराच फिरतो. शब्द थोडे बदलतात, पण सांगाडा असा: “व्हर्जन बघायचंय? लाँचर उघडा, त्यावर आकडा असतो, तेच तुमचं व्हर्जन. लेटेस्ट रिलीज निवडलं की काळजीच मिटली. शंका वाटली तर कमांड प्रॉम्प्टमध्ये जावाचं व्हर्जन विचारा. मोबाइल असो की पीसी, आकडा जुळला की एकत्र खेळता येतं, मॉडही चालतात. काहीच जमलं नाही तर अनइन्स्टॉल करून परत टाका, वर्ल्ड सेफ राहतं.”

यातलं जवळपास प्रत्येक वाक्य चुकीचं आहे, पण सगळ्या चुका सारख्या महागात पडत नाहीत. शेवटची सगळ्यांत महाग, म्हणून सुरुवात तिथूनच.

“अनइन्स्टॉल करून परत टाका, वर्ल्ड सेफ राहतं”

अँड्रॉइड फोनवर हे करू नका. मोबाइलवरचे वर्ल्ड, म्हणजे खेळात तुम्ही बांधलेली जगं, अ‍ॅपच्या स्वतःच्या जागेत साठवलेले असतात आणि अ‍ॅप काढलं की अँड्रॉइड ती जागाही पुसून टाकतो. आयफोनवर अ‍ॅप ‘ऑफलोड’ केलं तर डेटा राहतो, ‘डिलीट’ केलं तर जातो. तिथे वर्षभर बांधलेला किल्ला असेल तर तोही गेला. काढण्याआधी वर्ल्डच्या यादीत त्या वर्ल्डसमोरच्या पेन्सिलीवर टॅप करा, खाली सरकत जाऊन ‘एक्स्पोर्ट वर्ल्ड’ दाबा आणि तयार होणारी ‘एमसीवर्ल्ड’ फाइल ड्राइव्हवर किंवा दुसऱ्या फोनवर ठेवा. फाइल खरंच तिथे पोचली का, तिचा आकार शून्य तर नाही ना, एवढं पाहून मगच पुढचं.

पीसीवरच्या मूळ गेममध्ये, म्हणजे जावा एडिशनमध्ये, याच्या नेमकं उलट घडतं. लाँचर (गेम सुरू करून देणारा प्रोग्रॅम) अनइन्स्टॉल केला तरी अ‍ॅपडेटाच्या ‘रोमिंग’मधलं डॉट-मायनक्राफ्ट हे फोल्डर जागेवरच राहतं, आणि वर्ल्ड, मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या जोड-फाइली), डाउनलोड झालेली सगळी व्हर्जन त्यातच असतात. म्हणजे वर्ल्ड वाचतं हे खरं, पण बिघाडही तसाच शिल्लक राहतो. नवा लाँचर टाकला की तो त्याच फोल्डरातल्या जुन्या नोंदी वाचतो. तासभर डाउनलोड करून माणूस होता तिथेच येतो.

“लाँचरवर आकडा असतो, तेच तुमचं व्हर्जन”

लाँचर हा वेगळा प्रोग्रॅम आहे. तो खात्यात लॉगिन करतो, फाइली उतरवतो आणि गेम सुरू करून देतो. त्याचा स्वतःचा व्हर्जन क्रमांक सेटिंग्जमधल्या ‘अबाउट’ टॅबमध्ये मिळतो. तो गेमशी जुळत नाही आणि जुळायचं काही कारणही नाही. एसटी स्टँडवरच्या फलाटाच्या क्रमांकावरून गाडी कुठे जाणार ते कळत नाही, तसंच हे.

चालू असलेल्या गेमचं व्हर्जन गेमच सांगतो. जावा एडिशनमध्ये मुख्य पडद्यावर खाली डाव्या कोपऱ्यात ‘मायनक्राफ्ट १.२०.१’ असं लिहिलेलं दिसतं. बेडरॉक एडिशनमध्ये, म्हणजे मोबाइल, कन्सोल आणि विंडोजवरच्या दुसऱ्या आवृत्तीत, आकडा खाली उजव्या कोपऱ्यात असतो. कोपरा डावा की उजवा, एवढ्यावरूनही आपण कुठल्या एडिशनमध्ये आहोत ते ओळखता येतं.

जावामध्ये वर्ल्ड उघडल्यावर एफ-३ दाबलं की डावीकडे सगळ्यात वर हीच माहिती अधिक तपशिलात येते. बऱ्याच लॅपटॉपवर नुसत्या एफ-३ने आवाज किंवा प्रकाश कमीजास्त होतो. तिथे एफएन धरून एफ-३ दाबावं लागतं. मॉड नसतील तर पहिल्या ओळीत गेमच्या क्रमांकापुढे कंसात तोच क्रमांक आणि ‘व्हॅनिला’ हा शब्द दिसतो. फॅब्रिक हा मॉड चालवणारा लोडर चालू असेल तर कंसात ‘फॅब्रिक-लोडर’, लोडरचा क्रमांक आणि मग गेमचा क्रमांक असं लांबलचक नाव येतं. इथे गोंधळ हमखास होतो. लोडरचा ०.१४.२१ हा आकडा वाचून “माझं व्हर्जन ०.१४ आहे” असं कळवणारे भरपूर भेटतात. गेमचा आकडा तो नव्हे, शेवटचा.

व्हर्जन्स नावाच्या फोल्डरात डोकावून ठरवायचीही सवय असते. त्या फोल्डरात आजवर एकदा तरी उतरवलेली सगळी व्हर्जन पडून असतात, त्यांतलं कुठलं आत्ता चालतंय ते फोल्डर सांगत नाही. नाव बदललेलं असू शकतं आणि फाइलवरची तारीख डाउनलोडची असते. एखाद्या जार फाइलमध्ये (गेमचा कोड बांधलेल्या फाइलमध्ये) नक्की काय आहे हे पाहायचंच असेल तर ती सेव्हन-झिपने उघडा. १.१४ आणि त्यापुढच्या जारमध्ये ‘व्हर्जन’ नावाची एक जेसन फाइल असते, तिच्यात गेमचं नाव, वर्ल्डच्या डेटाचा क्रमांक आणि प्रोटोकॉलचा, म्हणजे सर्व्हरशी बोलायच्या पद्धतीचा, क्रमांक सरळ लिहिलेले असतात.

“लेटेस्ट रिलीज निवडलं की काळजीच मिटली”

काळजी बहुतेक वेळा इथूनच सुरू होते. ‘लेटेस्ट रिलीज’ हे कुठलंही ठरावीक व्हर्जन नाही. प्ले दाबाल त्या दिवशी जे सर्वांत नवं असेल ते उतरवून चालवायचं, एवढाच त्याचा अर्थ. काल मित्राच्या सर्व्हरवर खेळत होतात, रात्री नवं अपडेट आलं, आज तोच सर्व्हर यादीत लाल अक्षरांत दिसतो आणि आत घेत नाही. सर्व्हर जागेवरच आहे, पुढे गेलात तुम्ही.

उपाय दोन मिनिटांचा आहे. लाँचरमध्ये जावा एडिशन निवडा, ‘इन्स्टॉलेशन्स’ टॅबवर जा, ‘न्यू इन्स्टॉलेशन’ दाबा, व्हर्जनच्या यादीतून सर्व्हरला हवं ते रिलीज निवडा, ओळखू येईल असं नाव द्या आणि जतन करा. यादीत हवं ते सापडत नसेल तर वरच्या रिलीज, स्नॅपशॉट (चाचणी आवृत्त्या), मॉडेड यांच्या खुणा तपासा. यानंतर प्ले बटणाशेजारी कुठलं इन्स्टॉलेशन निवडलेलं आहे ते दर वेळी पाहायचं. हे सांगूनही विसरलं जातं, कारण लाँचर आधीचं निवडलेलं लक्षात ठेवतो आणि डोळा फक्त हिरव्या बटणाकडे जातो.

मॉड वापरणार असाल तर त्याच पानावर ‘गेम डिरेक्टरी’ची जागाही वेगळी द्या. नाहीतर दोन्ही इन्स्टॉलेशन एकच मॉड्स फोल्डर वापरतात आणि १.२०.१चे मॉड १.२१मध्ये घुसून गेम सुरू होतानाच बंद पडतो.

“कमांड प्रॉम्प्टमध्ये जावाचं व्हर्जन विचारा”

जावा ही एक प्रोग्रॅमिंगची भाषा, आणि तिच्यात लिहिलेले प्रोग्रॅम चालवणारी एक यंत्रणा. मायनक्राफ्टची जावा एडिशन त्या भाषेत लिहिली गेली म्हणून तिचं नाव तसं. त्या आज्ञेला १७.०.८ असं उत्तर मिळालं तर ते विंडोजवर बसवलेल्या जावाचं उत्तर आहे. गेम तर तो जावा वापरतही नाही, कारण अधिकृत लाँचर स्वतःचा जावा सोबत आणतो. १.१६.५पर्यंतच्या गेमला जावा ८, १.१७ला १६, १.१८ ते १.२०.४ला १७ आणि १.२०.५ ते १.२१.११ला २१. तो कोणता, ते एफ-३च्या पडद्यावर उजवीकडे वर लिहिलेलं असतं.

विंडोजवरच्या जावाचा संबंध येतो तो सर्व्हर चालवताना. सर्व्हरची जार फाइल आपण हाताने चालवतो, तेव्हा तिथे तोच जावा लागतो. तो जुना असेल तर काळ्या खिडकीत ‘अनसपोर्टेड क्लास व्हर्जन’ अशी त्रुटी येते आणि तिच्यात ६१.० आणि ५२.० असे दोन आकडे दिसतात. हे मायनक्राफ्टचे क्रमांक नाहीत. ५२ म्हणजे जावा ८, ६० म्हणजे १६, ६१ म्हणजे १७, ६५ म्हणजे २१. त्रुटीत ६१ मागितलंय आणि ५२पर्यंतच ओळखतो असं लिहिलं असेल तर जावा १७ बसवा; गेमला हात लावायची गरज नाही. सर्व्हर नीट सुरू झाला की पहिल्या काही ओळींतच स्वतःचं व्हर्जन छापतो. मित्राला नुसतं “लेटेस्ट आहे” असं कळवण्यापेक्षा ती ओळ कॉपी करून पाठवा.

“मोबाइल असो की पीसी, आकडा जुळला की झालं”

जावा १.२०.१ आणि बेडरॉक १.२०.१ यांचे आकडे सारखे असले तरी ते दोन वेगळे गेम आहेत. जावा एडिशन जावात लिहिलेली, बेडरॉक सी-प्लस-प्लसमध्ये. सर्व्हरशी बोलायची पद्धत वेगळी, वर्ल्ड साठवायची पद्धत वेगळी, नेहमीचा पोर्टही वेगळा: जावाचा २५५६५, बेडरॉकचा १९१३२. मधे अनुवाद करणारं खास सॉफ्टवेअर सर्व्हरवर बसवलेलं नसेल तर मोबाइलवरचा खेळाडू जावाच्या सर्व्हरवर जाऊ शकत नाही, आकडा कितीही जुळो.

गोंधळाचं मूळ नावात आहे. २०१७मध्ये मोबाइल, विंडोज आणि कन्सोलच्या आवृत्त्या एकत्र आणताना त्यांना नुसतं ‘मायनक्राफ्ट’ हे नाव मिळालं आणि मूळ पीसी गेमला ‘जावा एडिशन’ असं शेपूट लागलं. जून २०२२पासून विंडोजसाठी दोन्ही एकाच खरेदीत मिळू लागल्या. त्यामुळे एकाच लाँचरच्या डाव्या पट्टीत दोन गेम असतात, आणि आपण रोज कुठला उघडतो याचा पत्ता अनेकांना नसतो.

बेडरॉकचा आकडाही ठिकाणानुसार रूप बदलतो. गेममध्ये १.२०.१५ दिसतं. अँड्रॉइडच्या सेटिंग्जमध्ये अ‍ॅप्स, मग मायनक्राफ्ट असं जाऊन खाली पाहिलं तर तेच १.२०.१५.०१ असं चार भागांत. त्या काळच्या विंडोजच्या अ‍ॅप यादीत तेच १.२०.१५०१.० असं यायचं. तिन्ही एकच आहेत.

आता “जुळला” म्हणजे काय, तेही पाहू. जावाच्या सर्व्हरला व्हर्जनच्या नावाशी देणंघेणं नसतं, तो प्रोटोकॉलचा क्रमांक पाहतो. १.२० आणि १.२०.१ दोन्हींचा प्रोटोकॉल ७६३, म्हणून आकडा न जुळताही ती एकमेकांशी जोडली जातात. १.२०.२चा ७६४, तो नाही जोडला जात. १.२०.३ आणि १.२०.४ची जोडी ७६५वर, १.२१ आणि १.२१.१ची ७६७वर. १.८ ते १.८.९ सगळी ४७वर. म्हणजे शेवटचा आकडा वेगळा असून कधी चालतं, कधी नाही, आणि अंदाजाने ते ठरवता येत नाही.

शिवाय हे दशांश अपूर्णांक नाहीत. शाळेतल्या गणिताने १.९ हे १.१०पेक्षा मोठं, इथे १.१० नंतरचं आहे. १.२१.११ हे १.२१.२च्या पुष्कळ पुढचं. बिंदूंमधला प्रत्येक आकडा सुटा वाचायचा. २०२६पासून जावाची मोजणीच वर्षावर गेली आहे, २६.१ अशी, तरी वाचायची रीत तीच.

“मॉडही चालतात”

मॉडसाठी गेमचं व्हर्जन जुळणं ही पहिली अट, शेवटची नव्हे. दुसरी अट लोडरची, म्हणजे मॉड चालवणाऱ्या फोर्ज किंवा फॅब्रिकसारख्या प्रोग्रॅमची. फोर्जचा मॉड फॅब्रिकवर चालत नाही आणि फॅब्रिकचा फोर्जवर. मॉडच्या फाइलच्या नावात सहसा मॉडचा स्वतःचा क्रमांक आणि गेमचा क्रमांक दोन्ही असतात, ते उलटे वाचू नका. प्रोटोकॉलची सवलतही इथे गृहीत धरू नका. मॉड गेमच्या आतल्या कोडला चिकटतो, त्यामुळे १.२०.१साठीचा मॉड १.२०.४वर बहुतेक वेळा पडतो.

सल्ल्यात नसलेला एक आकडा: वर्ल्डचा

जावामध्ये वर्ल्डच्या यादीत प्रत्येक नावाखाली एक व्हर्जन लिहिलेलं असतं. ते वर्ल्ड शेवटचं कुठल्या व्हर्जनमध्ये सेव्ह झालं, ते. बसवलेल्या गेमशी त्याचा संबंध असेलच असं नाही. तुमच्या गेमपेक्षा ते नवं असेल तर गेम इशारा देतो आणि बॅकअप घ्यायला सांगतो. तो इशारा डोळे मिटून ‘हो’ म्हणण्यासारखा नाही. १.१८मध्ये जगाची खोली वाढली: आधी ० ते २५५, नंतर उणे ६४ ते ३१९. १.१८चं वर्ल्ड १.१७मध्ये उघडलं तर शून्याखालच्या खाणींना तिथे जागाच नाही. पुढे नेता येतं, मागे आणता येत नाही. म्हणून नव्या व्हर्जनमध्ये पहिल्यांदा उघडण्याआधी सेव्ह्ज फोल्डरातून त्या वर्ल्डचं पूर्ण फोल्डर कॉपी करून बाजूला ठेवा.

फिरत आलेल्या एपीके (अँड्रॉइड अ‍ॅपच्या) फाइलींबद्दल थोडक्यात: नावात ‘लेटेस्ट’ आहे म्हणून आत तेच असेल असं नाही. फाइलचं नाव कोणीही काहीही ठेवू शकतं आणि बदललेल्या अ‍ॅपमध्ये दिसणारा आकडाही हवा तो लिहिता येतो. तिथे व्हर्जन तपासण्यात अर्थच उरत नाही.

गेम उघडतच नसेल तर

मुख्य पडद्यापर्यंत पोचताच येत नाही, मग कोपरा कसा पाहणार? ‘इन्स्टॉलेशन्स’मध्ये त्या इन्स्टॉलेशनवर माउस नेला की फोल्डरचं चिन्ह येतं, ते दाबा. उघडलेल्या जागेत ‘क्रॅश-रिपोर्ट्स’ असेल तर त्यातली सर्वांत नवी फाइल नोटपॅडमध्ये उघडा. ‘सिस्टिम डिटेल्स’ या भागात गेमचं व्हर्जन, ऑपरेटिंग सिस्टिम आणि जावाचं व्हर्जन एकाखाली एक मिळतात. मदत मागताना या तीन ओळी जशाच्या तशा चिकटवा.

क्रॅश रिपोर्ट तयार झाला नसेल तर ‘लॉग्ज’मधली ‘लेटेस्ट’ ही फाइल पाहा. फॅब्रिक असेल तर सुरुवातीलाच गेमचं आणि लोडरचं व्हर्जन एका ओळीत येतं. मॉड नसलेल्या गेमच्या लॉगमध्ये मात्र ३.३.१सारखा एखादा आकडा ‘व्हर्जन’ या शब्दासह दिसेल. तो एलडब्ल्यूजेजीएल नावाच्या ग्राफिक्स लायब्ररीचा आहे, मायनक्राफ्टचा नाही.