लाईनवर पाय म्हणजे आउटच

रविवारची बडोद्याच्या पोलो ग्राउंडवरची क्रिकेट मॅच होऊन चार दिवस झाले तरी दांडिया बझारातल्या आमच्या ओट्यावर अजून तेच चालूय, कारण शेवटची विकेट बाळ्याची, स्टंप आउट (तो पुढे गेलेला असताना कीपरनी स्टंपवरच्या बेल्स पाडल्या), आणि बोट वर केलं मी, म्हणजे आमच्याच टीमच्या लेग अंपायरनी. जिंकायला 2 रन हवे होते, 1 नी हरलो.

बाळ्या काल परत तेच, "अरे पाय लाईनवर होता माझा, तू बघितलास ना?"

म्हटलं बघितला, म्हणूनच आउट दिला. लाईनवर होता, आत नव्हता.

संज्या लगेच मध्ये पडला, "मग बॉलरला वेगळा न्याय का रे? त्याचा पाय लाईनवर पडला तर नो बॉल देत नाहीत."

हा प्रश्न खरंच चांगला आहे, वर्षानुवर्षं खेळणारे पण इथेच अडकतात. मी विटेचा तुकडा घेऊन ओट्यावर जाड रेघ ओढली. क्रीज म्हणजे ही अख्खी पट्टी नाही, पट्टीची स्टंपकडची कड, स्टंपपासून 4 फुटांवरची. पट्टी बॅट्समनच्या मालकीची नाहीच. आणि बॉलरलाही हीच कड लागू, टाच कडेच्या आत असेल तर चवडा पट्टीवर पडो नाहीतर पुढे, बॉल चालतो, पण अख्खा पाय पट्टीवरच पडला आणि आत काहीच नाही तर नो बॉल. फरक एवढाच, बॉलरची टाच हवेत असली तरी धरतात, बॅट्समनचं मात्र काहीतरी, पाय म्हणा किंवा हातातली बॅट, आत जमिनीला टेकलेलं लागतं. बाळ्याच्या बुटाचं टोक चुन्यात होतं आणि टाच बोटभर वर, टाचेखालून पलीकडचं गवत दिसत होतं मला, बेल्स पडल्या तेव्हा. तिथे आपला-परका बघायचा नसतो.

"पण बॅट टेकून उडाली तर हल्ली आउट देत नाहीत ना?" बाळ्यानी आणखी एक काढलं. बरोबर, 2017 पासून तसा नियम आहे, पण तो धावत किंवा डाइव्ह मारत येणाऱ्याला, आणि एकदा क्रीजच्या आत टेकल्यावर. तू धावत कुठे होतास, उंच टाकलेल्या बॉलच्या फ्लाइटला फसून पुढे ओढला गेलास.

तात्या इतका वेळ सेव उसळ खात गप्प होते, ते म्हणाले, "आपल्या बडोद्याच्या कीपर किरण मोरेनी 1988 ला मद्रासला वेस्ट इंडिजविरुद्ध एका टेस्टमध्ये 6 स्टंपिंग केली, त्यातली 5 एकाच इनिंगला. स्पिनर नरेंद्र हिरवाणीची पहिलीच टेस्ट, 16 विकेट काढल्या पोरानी. कीपरला तेवढी बोटभर जागाच पुरते रे." बाळ्या गप्प झाला. मला वाटलं मिटलं.

मग संज्याच म्हणाला, "तो बॉल लेगच्या किती बाहेरून गेला माहितीये? मेन अंपायरनी वाईडचे हात पसरले होते."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. हात पसरलेले मलाही आठवले, अपीलच्या आरडाओरड्यात कुणी लक्षच दिलं नाही. आता वाईडवर स्टंप आउट होतोच (नो बॉलवर नाही), पण वाईडचा 1 रन कुठे जात नाही, विकेट गेली तरी तो खात्यात जमा होतो. आम्हाला 1 हवा असता तर वाईडवरच जिंकलो असतो आणि स्टंपिंग मोजलंच नसतं, पण 2 हवे होते, म्हणजे रन पण धरायचा आणि विकेट पण.

संज्यानी गाडीच्या डिकीतून स्कोअरची वही काढली. शेवटच्या बॉलसमोर नुसती विकेट, वाईड नाहीच. टोटल 86, समोरच्यांचे 87. वाईडचा 1 धरला तर बरोबरी.

बाळ्यानी वही माझ्या हातात दिली आणि त्यांच्या कॅप्टनला फोन लावला.