थरथर थांबली म्हणजे धोका टळला?

पारा दहाच्या खाली गेला की पुण्यातल्या सोसायट्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक मेसेज फिरू लागतो. त्याचा सारांश असा: 'पुण्याच्या थंडीने कुत्र्याला काही होत नाही. फारच थरथरला तर कढत पाण्याने आंघोळ घाला, चमचाभर ब्रँडी पाजा. पिल्लू असेल तर आधी गरम दूध द्या. थरथर थांबली की धोका टळला.' चारही वाक्यं चुकीची आहेत आणि शेवटचं जिवावर बेतणारं.

आधी पुण्याच्या थंडीबद्दल. दाट केसांचा धडधाकट कुत्रा पहाटे वेताळ टेकडीवर मजेत हुंदडेल, मान्य. पण आखूड केसांचा, हडकुळा, म्हातारा कुत्रा किंवा पिल्लू असेल तर गोष्ट वेगळी. शिवाय केस भिजले की त्यांच्यात धरून ठेवलेली हवा जाते आणि ऊबही जाते. खडकवासल्याला पोहलेला कुत्रा तसाच ओला स्कूटरवर घालून सिंहगड रोडने आणलात, तर उरलीसुरली ऊब वारा पळवतो. जुलैच्या पावसात रात्रभर भिजलेलं पिल्लूही गारठून मरू शकतं.

आता थरथरीबद्दल. कुत्र्याचं तापमान साधारण १०१ ते १०२.५ फॅरनहाइट असतं; आपल्याला ताप म्हणून जो आकडा दिसतो, तो त्याचा रोजचा. ते ९९च्या खाली उतरलं की हायपोथर्मिया, म्हणजे शरीर धोक्याच्या पातळीपर्यंत गारठणं, धरतात. सुरुवातीला स्नायू थरथरून उष्णता तयार करतात. पण तापमान ९०च्या आसपास आलं की शरीराला तेवढंही जमेनासं होतं. थरथर थांबते, कुत्रा सुस्तावतो, पाय ताठतात, हिरड्या फिकट पडतात, श्वास मंदावतो. नेमक्या याच वेळी हा मेसेज आपल्याला निर्धास्त व्हायला सांगतो! नवजात पिल्लं तर पहिल्या आठवड्यात थरथरतच नाहीत. नाक गार आहे की गरम, यावरूनही काही कळत नाही. डिजिटल थर्मामीटरला व्हॅसलिन लावून गुदद्वारातून तापमान घ्या (तो थर्मामीटर पुढे कुत्र्यालाच ठेवावा, हे सांगायला नको).

कढत आंघोळीने कातडीतल्या रक्तवाहिन्या एकदम रुंदावतात, रक्तदाब कोसळतो आणि पायांतलं गार रक्त हृदयाकडे धावतं. त्याऐवजी कोरड्या टॉवेलने टिपून काढा, वाऱ्यातून आत आणा, ब्लँकेटमध्ये गुंडाळा. गरम पाण्याची पिशवी टॉवेलमध्ये गुंडाळून छाती-पोटाशी ठेवा. पाय शेकायचे किंवा चोळायचे नाहीत. पिशवी उघडी ठेवू नका, कारण ग्लानीतला कुत्रा भाजलं तरी हलत नाही. दर दहा-पंधरा मिनिटांनी तापमान बघा आणि १००ला पोचलं की शेकणं थांबवा. ९८च्या खाली असेल, थर्मामीटर नुसता 'लो' दाखवत असेल किंवा कुत्रा निपचित असेल, तर थांबू नका. गुंडाळून, वाटेत ऊब देत थेट डॉक्टरकडे न्या.

ब्रँडीबद्दल फार बोलायला नको. दारूने शरीरातली उष्णता कातडीवाटे बाहेर जाते, रक्तातली साखरही उतरते, आणि कुत्र्याला ती थोडीशीही विषारी असते.

राहिलं दूध. गारठलेल्या पिल्लाचं आतडं जवळजवळ थांबलेलं असतं, गिळण्याचीही ताकद नसते. तोंडात ओतलेलं दूध श्वासनलिकेत जाऊ शकतं. आधी त्याला हळूहळू ऊब द्यायची; ते नीट हलायला आणि चोखायला लागलं की मग दूध.