स्टेशन आलं, ऑफिस नाही

लाइट रेलच्या, म्हणजे ट्रामसारख्या हलक्या शहरी रेल्वेच्या, डब्यात ‘पुढील स्टेशन, बिझनेस पार्क’ असं ऐकू आलं की नवखी माणसं उठून दाराशी जातात. जुनी माणसं आधी बुटांच्या नाड्या आवळतात.

गाडीबद्दल माझी तक्रार नाही. बिचारी गुपचूप येते, रस्ता ओलांडताना घंटी वाजवते, पालापाचोळ्याने रूळ निसरडे झाले तर चाकांपुढे स्वतःच वाळू सोडते. दोन रुळांमधलं अंतर जगात बहुतेक ठिकाणी 1435 मिलिमीटर. मिलिमीटर! फलाटापासून माझ्या ऑफिसच्या दारापर्यंतचं अंतर मात्र कुणी धड मीटरातही सांगत नाही. ‘हे काय, समोरच तर आहे,’ म्हणतात. आहेच समोर. चंद्रही समोरच असतो.

नियोजनकारांचा हिशेब साधा असतो. माणूस स्टेशनासाठी साधारण 800 मीटर, म्हणजे दहाएक मिनिटं, चालायला तयार असतो असं ते धरतात. मग नकाशावर कंपासचं टोक स्टेशनात रोवायचं, वर्तुळ फिरवायचं, आत सापडले ते सगळे लाभार्थी. आमची इमारत त्या वर्तुळात ऐसपैस बसते. फक्त त्रिज्येवरून चालायला गेलं तर वाटेत एक नाला, एक तारेचं कुंपण आणि मोटारींचा अथांग वाहनतळ लागतो. म्हणून आम्ही परिघावरून चालतो.

फुटपाथ आहे, नाही असं नाही. स्टेशनाबाहेर मोठ्या उत्साहाने निघतो आणि पहिल्याच वळणावर शोभेच्या झुडपांत शिरून बेपत्ता होतो. लोकांनी हिरवळीतून आपली पायवाट पाडली, तर व्यवस्थापनाने तिच्यावर ‘हिरवळीवर चालू नये’ असा फलक रोवला. आता फलकाच्या दोन्ही बाजूंनी दोन पायवाटा आहेत.

शटल बसही आहे. तिचं वेळापत्रक इमारतवाले ठरवतात, गाडीचं रेल्वेवाले, आणि हे दोघे एकमेकांना कधी भेटले असावेत असं वाटत नाही. गाडीचं दार उघडतं त्याच क्षणी शटलचं दार लागतं. इतकं अचूक जुळवायचं तर खरं म्हणजे भेटावंच लागेल, त्यामुळे माझा संशय बळावतो आहे.

धापा टाकत फाटकाशी पोचावं, तर तिथला अडसर फक्त मोटारींसाठी वर होतो. नवीन सुरक्षारक्षकाने मला थांबवलं.

‘गाडी नंबर?’

‘मी ट्रेनने आलो.’

त्याने वहीत डोकं घातलं, प्रत्येक रकाना भरायचा त्याला हुकूम असावा. ‘बरं साहेब, मग ट्रेनचा नंबर सांगा.’

मी त्या दिवसापासून डब्याचा नंबर पाहून ठेवतो. वाद घालण्यापेक्षा लवकर आत सोडतात.

माझ्यासारख्यांवर वाहतूकवाल्यांचा मात्र विशेष जीव. सकाळी सगळी दुनिया उपनगरातून शहरात जाते, उलट दिशेच्या गाड्या रिकाम्या धावतात. मार्गाच्या दुसऱ्या टोकाला बिझनेस पार्क आलं की त्याही भरतात. ट्रकवाल्यांच्या भाषेत मी परतीचा माल. संध्याकाळी सहाला सगळी ऑफिसं एकदम सुटतात तेव्हा मालासारखं भरतातही. रविवारी मात्र स्टेशनात चिटपाखरू नसतं. तरी एकदा विसरलेला चार्जर आणायला गेलो, तर ध्वनिवर्धक कुण्या अदृश्य गर्दीला पिवळ्या रेषेमागे उभं राहायला बजावत होता. मी एकटाच मागे सरकलो.

हल्ली आमच्या लॉबीत एक चकचकीत पाटी लागली आहे. इमारतीला ‘लीड’ हे हरित मानांकन मिळालं. त्यात सार्वजनिक वाहतूक जवळ असल्याचेही गुण असतात म्हणे. पाटीच्या अनावरणाला व्यवस्थापनातले सगळे बडे लोक आले होते. खाली वाहनतळात त्या दिवशी एकही जागा शिल्लक नव्हती.